दिनूभाऊच्या खिशातली पूड

फिलोमिना आंटीचं नाव आधी लिहितो. गोव्यात ज्या हॉटेलात मी आणि दिनूभाऊ कामाला होतो, तिथल्या कामगारांचा स्वयंपाक ती करते. दिनूभाऊ गेल्यावर माझ्यासाठी, आणि मी ज्या घरात लहानाचा मोठा झालो त्या घरासाठी, तिनं जे केलं ते सख्ख्या माणसाकडूनही झालं नसतं. काय केलं ते पुढे येईल. पण आभार शेवटासाठी ठेवले की रडण्याच्या भरात ते राहून जातात, हे मी तेरवीच्या मांडवात अनेकदा पाहिलं आहे. म्हणून तिचं नाव आधी, तिला विचारून. तिच्या चर्चच्या माणसांत मराठी कोणी वाचत नाही, म्हणाली. माझी शाळा आठवीत सुटली, लिहिण्याची सवय नाही. लिहिताना अडतो, आणि ते फक्त सवय नाही म्हणून नाही. ज्यांच्याबद्दल लिहितो आहे त्यातले काही लोक अजून आमच्या हॉटेलात येतात, जेवतात, खांद्यावर हात ठेवून जातात. त्यांची नावं लिहिण्याची माझी हिंमत नाही. दिनूभाऊचं नाव मात्र लिहितो. त्याच्या आईला, बेबीकाकूला, विचारूनच लिहितो. ती म्हणाली, “लिही. मी तं वाचू शकत नाही, पण ज्याईच्या घरी पोट्टे आहेत त्याईनं वाचलं पाहिजे.”

बातमी आली तेव्हा आम्ही हॉटेलच्या स्वयंपाकघराला चुना मारत होतो. पावसाळ्यात ते हॉटेल बंद असतं, दसऱ्याच्या आसपास उघडतं. दिनूभाऊ पोळ्याला म्हणून गावी गेला होता आणि हॉटेल उघडायच्या आत परत येणार होता. फोन त्याच्या धाकट्या भावाचा, अंकुशचा. “मधू, भाऊ मेला गा,” तो म्हणाला. “फवारताना लागलं त्याले. यवतमाळले दवाखान्यात नेला, तिथंच गेला.” मी चुन्याच्या बादलीशेजारी तसाच खाली बसलो. आंटीनं माझ्या हातातला ब्रश काढून घेतला आणि विचारलं, “कशानं?” मी म्हणालो, फवारणीच्या विषानं.  तिनं माझ्याकडे पाहिलं. आम्हा दोघांनाही एक गोष्ट माहीत होती, जी त्या गावात कोणालाच माहीत नव्हती.

आमचं गाव यवतमाळ जिल्ह्यातल्या पांढरकवड्यापासून आत, जंगलाच्या कडेला. दिनूभाऊ माझ्यापेक्षा मोठा, शेजारच्या घरातला; मी त्याच घरात खाऊनपिऊन वाढलो. पऱ्हाटीतला, म्हणजे कपाशीतला, कापूस वेचायला बायांच्या रांगेत उभा राहणारा तो एकटाच बाप्या, आणि त्याची कोणाला लाज वाटायच्या आधी तो पुढे निघून गेलेला असायचा. दोन्ही हातांनी वेचायचा. डावा हात एका बोंडावर, उजवा दुसऱ्यावर, कमरेला बांधलेली ओटी बघता बघता फुगायची. बाया म्हणायच्या, “काय गा दिनू, पऱ्हाटीशी लगन लागलं का तुयं?” तो म्हणायचा, “लागलं ना, पण सासरा लय कंजूष भेटला.” कापसाचे ते दिवस वाईट होते. बियाणं बोगस निघायचं, बोंड फोडलं की आत अळी, आणि जे काही हाती लागायचं त्याच्या भावाचा भरोसा नाही. गावातली पोरं हायवेवरच्या ट्रकवर, ढाब्यावर, कुठं कुठं निघून गेली. दिनूभाऊ एका ढाब्यावरून गोव्यात गेला आणि दुसऱ्या वर्षी मलाही घेऊन गेला. बसमध्ये त्यानं मला खिडकीची जागा दिली, आणि मी रात्रभर घाबरून त्याची बाही धरून बसलो होतो ते तो पुढं सगळ्यांना सांगायचा.

स्वयंपाकघरात त्यानं पहिल्याच दिवशी एप्रनची खालची दोन टोकं गाठी मारून कमरेला खोचली, कापसाच्या ओटीसारखी, आणि कोळंबीची टरफलं त्यात टाकत गेला. दोन्ही हातांनी सोलायचा. मोठा आचारी बघतच राहिला. आंटी तेव्हापासून त्याला ‘कापूसवाला’ म्हणायला लागली. हंगाम सुरू झाला की तिथं श्वास घ्यायला फुरसत नसते. दुपारची पाळी संपते तिथं पार्टीची पाळी सुरू होते, आणि पाय सुजले म्हणून कोणी थांबत नाही. आमच्या पोरांना सगळ्यात मोठं दुःख होतं ते खऱ्र्याचं. आपल्याकडे पानठेल्यावर प्लास्टिकच्या पन्नीत सुपारी, तंबाखू, चुना घोटून देतात तसा खर्रा तिकडं मिळायचा नाही. दिनूभाऊ गावाहून सामान आणायचा आणि पन्नी मांडीवर घोटत बसायचा, सगळ्यांना चिमूट चिमूट द्यायचा. आपल्याकडे खर्रा खाणाऱ्याला कोणी व्यसनी म्हणत नाही. व्यसनी तो, जो दारू पिऊन नालीत पडतो. दिनूभाऊ दारूला शिवत नव्हता, त्याच्या बापाचं घर दारूनंच बसलं होतं. म्हणून स्वतःच्या नजरेतही तो निर्व्यसनी होता, आणि त्याच गोष्टीनं त्याचा घात केला असं मला आता वाटतं.

पार्टीच्या खोल्यांमध्ये जेवण पोचवणाऱ्या एकानं एके दिवशी त्याला थकलेला पाहून एक इवलीशी पुडी दिली. “हे घे, तुमच्या खऱ्र्यापेक्षा भारी.” पांढरी पूड. दिनूभाऊनं ती खऱ्र्यासारखीच बोटावर घेऊन हिरडीला चोळली. मला हसत सांगत आला, “अबे, दात काढताना सुई मारतात ना, तसं झालं तोंड! अन् अंगातली थकान गेली कुठं पाह्य.” त्या दिवशी त्यानं तीन माणसांचं काम केलं. सगळ्यांनी पाठ थोपटली. कोणी विचारलं नाही. जो माणूस दारू पीत नाही आणि कामाला पुढे असतो, त्याला काय विचारायचं? पुढे तो ती नाकानं ओढायला लागला. पाहुण्यांची उरलेली मिळायची, मग ती खोल्यांमध्ये पोचवायच्या बदल्यात मिळायला लागली. बोलणं वाढलं, झोप गेली. जेवण समोर ठेवलं तर नुसता चिवडायचा. कधी हसता हसता एकदम गप्प व्हायचा आणि म्हणायचा, “मधू, तो भिंतीच्या मागं कोण उभा आहे?” भिंतीमागं कोणी नसायचं. पूड नसली की दोन-दोन दिवस अंथरुणातून उठायचा नाही, डोळ्यांत असं काही यायचं की माझ्याकडे पाहून तो मला ओळखत नाही असं वाटायचं.

मी आंटीला सांगितलं. तिनं एकदा त्याच्या डोळ्यांकडे पाहिलं आणि ती स्टुलावर बसली. तिला सगळं माहीत होतं. का माहीत होतं ते तेव्हा मला कळलं नाही. ती त्याला आणि मला पणजीच्या एका डॉक्टरांकडे घेऊन गेली. डॉक्टरांनी दिनूभाऊला रागावलं नाही. त्यांनी साधेपणानं सांगितलं की दूर दक्षिण अमेरिकेतल्या उंच डोंगरात कोका नावाचं झुडूप असतं, तिथले कष्टकरी त्याची पानं गालात धरून ठेवतात, भूक आणि थकवा कळू नये म्हणून. हजारो वर्षांपासून. मग गोऱ्या लोकांनी त्या पानांतून सत्त्व काढलं, ती ही पूड, कोकेन. पहिल्यांदा डॉक्टरांनीच तिला डोक्यावर घेतलं, डोळ्याचं ऑपरेशन करताना बधिर करायला वापरली, ताकदीच्या औषधांत घातली, आणि माणसं तिच्यात अडकायला लागली तेव्हा कुठे कायद्यानं बंदी आली. “पान गालात धरणं वेगळं, आणि ही पूड नाकात ओढणं वेगळं,” ते म्हणाले. “ही हृदयाला चाबूक मारते आणि त्याच वेळी त्याच्या रक्तवाहिन्या आवळते. बैलाला पळवायचं आणि गळ्यातला दोर पण आवळायचा, तसं. पंचवीस-तीस वर्षांच्या माणसाचं हृदयही उभ्या उभ्या बंद पडतं. पहिल्यांदा घेणाऱ्याचंसुद्धा.” शिवाय ती निव्वळ मिळतच नाही, त्यात काय काय मिसळतात, जनावरांच्या जंताचं औषधसुद्धा. दिनूभाऊ हसला. “म्हणजे इथंबी बोगस!” डॉक्टर हसले नाहीत. त्यांनी परत यायला सांगितलं होतं. तो गेला नाही.

मग आंटीनंच ठरवलं की त्याला गावी पाठवायचं. “आईच्या हातचं खाऊ दे. तुमच्या त्या जंगलात त्याला हे कोण देणार?” मलाही पटलं. आम्हाला दोघांनाही वाटलं होतं की यवतमाळ जिल्हा त्याला वाचवेल... हे लिहितानाही तोंड कडू होतं. निघताना त्यानं एप्रन खिळ्याला अडकवला, टोकं तशीच गाठ मारलेली, आणि आंटीला म्हणाला, “सोडूनच येतो. पाहा तुम्ही.” तो खोटं बोलत नव्हता. पण खऱ्र्याच्या बटव्यात, चुन्याच्या डबीशेजारी, त्यानं एक पुडी ठेवली होती. शेवटची म्हणून ठेवली असेल. शेवटची म्हणून ठेवलेली पुडी कोणी फेकून देत नाही.

पुढचं मला अंकुशकडून कळलं. गावी गेल्यावर दिनूभाऊ नुसता झोपून राहायचा. लोक म्हणायचे प्रवासाचा शीण. मग म्हणायला लागले, “गोव्याहून साहेब होऊन आला, आता पंप कायले उचलते तो?” त्या साली पऱ्हाटी माणसाच्या डोक्याइतकी उंच वाढली होती आणि गावोगाव फवारणी चालू होती. फवारा अंगावर, तोंडावर यायचा. माणसं आजारी पडून दवाखान्यात चालली होती, काही परत येत नव्हती. एका सकाळी दिनूभाऊ एकदम ताजातवाना उठला. हसत, बोलत, गाणी म्हणत. पंप पाठीला लावला आणि भर उन्हात एकामागून एक पंप मारत गेला. अंकुश म्हणाला, “भाऊ आराम कर,” तर म्हणाला, “तू बस बे, मी सारं वावर संपवतो.” अंकुशला किती बरं वाटलं होतं. भाऊ परत पहिल्यासारखा झाला म्हणून. दुपारी तो वावराच्या धुऱ्यावर, बांधावर बसला, छाती धरली, घामानं न्हाला, आणि जबडा आवळून म्हणाला, “माय...” मोटारसायकलवर मधे धरून पांढरकवड्याला, तिथून गाडीनं यवतमाळला. तिथं वॉर्डात सगळ्या खाटांवर फवारणीचीच माणसं. तरुण डॉक्टरनं त्याच्या डोळ्यांत बॅटरी मारून अंकुशला वेगळं बोलावलं. “हे मला विषबाधेसारखं वाटत नाही. फवारणीच्या विषानं बाहुल्या बारीक होतात, याच्या उलट मोठ्या झाल्यात. कुठली नशा करायचा का हा?” अंकुश त्याच्या अंगावरच धावून गेला. “साहेब, माह्या भावानं दारूले हात लावला नाही कधी! गरिबाची पोरं नशाच करतात का?” डॉक्टर मागे सरला. तेवढ्यात दिनूभाऊ संपला होता. आणि गावाला जे आधीच ठाऊक होतं तेच ठरलं. पऱ्हाटीनं खाल्लं.

मी तेरवीला निघालो. आंटीनं बसस्टँडवर मला डबा दिला आणि म्हणाली, “तिथं गेल्यावर काय आहे ते सांग. आणि अडलं तर मला फोन कर. कधीही.” मी म्हणालो, आता सांगून कोणाचं भलं होणार? माणूस तर गेला. ती म्हणाली, “त्याला भाऊ आहे ना?” त्याचा अर्थ मला घरात पाय ठेवल्यावर कळला. ओसरीवर अंकुशची बॅग भरून ठेवलेली होती. नवीन चप्पल प्लास्टिकच्या पिशवीत. बेबीकाकूनं माझा हात धरला. “मधू, माह्या लेकराले वावरानं खाल्लं गा. तो तिकडंच राह्यला असता तर जिता असता. आता याले तुयासंग घेऊन जाय. दिनूच्या जागी लाव. मले दुसरं काही नाही पाह्यजे.” ती हे मागत होती, आणि मागताना तिचे दोन्ही हात जोडलेले होते. दिनूच्या जागी... त्याच खोल्या, तोच जेवणाचा ट्रे, तोच पुडी देणारा, “तुमच्या खऱ्र्यापेक्षा भारी” म्हणणारा. अंकुशही खर्रा खातो. दारू पीत नाही. कामाला पुढे असतो.

मी सांगितलं. कसं सांगितलं ते आठवत नाही. मांडवाखाली दोन-चार नातेवाईक होते, त्यांच्या माना फिरल्या. अंकुश उठला. “आठवी पास नाही, अन् डॉक्टर होऊन आला! माह्या मेल्या भावाले बदनाम करून राह्यला? का मी आलो तर तुया पोटावर पाय पडते?” फवारणीचं औषध विकणारा गावातला कृषी केंद्रवाला तिथंच बसला होता. त्याच्या चेहऱ्यावर मात्र एकदम उजेड पडला. “म्हणजे आमच्या औषधानं नाही गेला ना तो?” असं तो हळूच शेजाऱ्याला म्हणाला. मला त्याच्या थोबाडीत द्यावीशी वाटली. दिनूभाऊच्या शेजारच्या खाटेवरचे खरोखर त्या फवाऱ्यानंच तडफडत होते, आणि हा त्यांचंही पाप दिनूभाऊच्या पुडीनं धुवायला निघाला होता. पण माझा आवाजच बसला होता. मी बाहेर येऊन आंटीला फोन लावला आणि रडायला लागलो. ती म्हणाली, “आईकडे दे.”

काकूनं फोन हातात घेतला नाही. मी आवाज मोठा करून फोन तिच्यासमोर पाटावर ठेवला. आंटीचं मराठी आम्हा पोरांकडून शिकलेलं, अर्धं कोकणीत. “बाय, मी तुला बघितली नाही. तुझ्या पोराला मी जेवण वाढलं. माझापण पोर होता, सॅव्हियो. तो गाडीवरून पडून मेला असं मी सगळ्यांना सांगते. चर्चमध्ये, पाद्रीला पण. ती फट. खोटं आहे ते, बाय. ह्या पुडीनं गेला. कोणाला सांगितलं नाही आजवर. तुला सांगते.” ती पुढे बोलत गेली. “एकदा त्याचे कपडे धुताना खिशात मिळाली. मी मीठ समजून चाखली. जीभ मेल्यासारखी झाली. मला कळलं नाही काय आहे ते. कळलं असतं तर...”

आंटी थांबली. आणि बेबीकाकू, जी इतका वेळ पाटाकडे पाहतही नव्हती, ती पुढे वाकली. “माही बी झाली,” ती म्हणाली. “जीभ. त्याच्या बटव्यात सापडलं मले, तो पोळ्याले आला तवा. मले वाटलं सुका चुना. बोटानं लावून पाह्यला. चुना असता तं पोळला असता... हे तं काहीच कळे ना. मी तसंच ठेवून देलं.” मग तिनं अंकुशकडे पाहिलं. “अन् त्याचा घोळणा फुटे. नाकातून रक्त येई. मी कांदा हुंगवला, म्हणलं ऊन लागलं.” फोनवर दोघी बाया रडत होत्या. मग काकू उठली. बॅगची चेन उघडली आणि अंकुशचे कपडे एकेक काढून घडी न मोडता परत फळीवर ठेवले. चपलेची पिशवी तेवढी तिनं तशीच खुंटीला लावली.

सगळं नीट झालं असं कोणी समजू नये. अंकुश माझ्याशी बोलत नाही. गावातल्या चौकात फवारणीत गेलेल्यांचा जो फलक लागला त्यावर दिनूभाऊचा फोटो आहे, आणि तो कोणी काढणार नाही. मी निघालो त्या सकाळी अंकुश तोंडाला रुमाल बांधून, पाठीवर तोच पंप घेऊन वावरात चालला होता. काकू दारात उभी होती. मला म्हणाली, “तिकडं नको, अन् इकडं बी असं. मंग कुठं पाठवू गा मी त्याले?”  बसमध्ये खिडकीशी बसलो आणि मधल्या प्रत्येक थांब्यावर मला वाटत राहिलं की काहीतरी उत्तर सुचेल. 

आता हंगाम सुरू झाला आहे. त्या खोल्यांमध्ये ट्रे दुसरा कोणी नेतो. मी जात नाही म्हणून मला एकदा दम मिळाला, म्हणून जास्त लिहीत नाही. स्वयंपाकघरातल्या खिळ्यावर दिनूभाऊचा एप्रन अजून आहे, टोकांच्या गाठी त्यानं मारलेल्या तशाच. मोठ्या आचाऱ्यानं दोनदा धुवायला टाकायला सांगितलं, आंटीनं टाकू दिला नाही. कोळंबी सोलताना मीही आता माझ्या एप्रनची टोकं तशीच खोचतो. मला दोन्ही हातांनी सोलता येत नाही. रविवारी आंटी चर्चला जाते, मी भाजीची पिशवी धरून बाहेर कट्ट्यावर थांबतो. परवा कोणीतरी बाई तिच्याजवळ आली आणि सॅव्हियोचा विषय निघाला, आणि आंटी नेहमीसारखं म्हणाली, गाडी घसरली. म्हणताना तिनं माझ्याकडे पाहिलं नाही. आंटी, दूरच्या एका ओसरीवर, न पाहिलेल्या बाईसाठी तू जे बोललीस, ते इथं तुझ्या माणसांत बोलायचं तुझ्या मनात येईल तेव्हा मला हाक मार. मला तुमची प्रार्थना येत नाही, तुमच्यात कुठं उभं राहतात तेही माहीत नाही. पण मी तुझ्या शेजारी उभा राहीन, आणि तुझा आवाज बसला तर दिनूभाऊचं नाव घेऊन पुढचं मी सांगेन.